जोडलेला डबा

पुणे जिल्ह्यात भीमेच्या काठी वसलेले दौंड हे रेल्वेचे जुने जंक्शन आहे. येथून एक मार्ग पुण्याकडे, दुसरा सोलापूरकडे, तिसरा मनमाडकडे आणि चौथा बारामतीकडे जातो. दौंड-मनमाड हा मार्ग १८७८ साली सुरू झाला. तेव्हापासून दिशोदिशांच्या गाड्या येथे येतात, थांबतात आणि आपापल्या वाटेने निघून जातात. दौंडच्या मुलांना अक्षरांच्याही आधी इंजिनांची ओळख होते, असे कोणी म्हटले तर त्यात फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

ह्या स्टेशनावर एके दिवशी सायंकाळी एक मुलगा आपल्या आत्याला पोचवावयास आला होता. वडील तिकीट काढण्यास गेले होते आणि गाडीस अवकाश होता. मुलाने वडिलांच्या मोबाइलवर एक नवा खेळ उतरवून घेतला होता. टोपलीत चेंडू टाकण्याचा तो साधा खेळ होता. त्यास एक पैसाही पडला नव्हता. मात्र तीन डाव झाले की पडदाभर जाहिरात येई, आणि ती संपेपर्यंत स्वस्थ बसावे लागे. खेळता खेळता पडद्यावर एक चौकट उमटली. 'ह्या अ‍ॅपला आपले स्थान जाणून घेण्याची परवानगी द्यावी काय?' असा प्रश्न तिच्यात होता. मुलगा 'होय' ह्या शब्दावर बोट ठेवणार, तोच आत्याने त्याचा हात धरला.

"थांब रे. काय विचारले आहे ते वाचलेस का?"

"मी कुठे आहे ते विचारतोय. पण अगं आत्या, टोपलीत चेंडू टाकायला मी दौंडात आहे की शिरूरला, हे ह्याला कशाला हवे?"

आत्या हसली. ती पुण्यास संगणकाच्या आज्ञावल्या लिहिण्याचे काम करीत असे. ती म्हणाली, "प्रश्न बरोबर विचारलास. खेळाला ते नको असेल. खेळाला जे जोडले आहे, त्याला हवे असेल."

"जोडले आहे म्हणजे?"

इतक्यात समोरच्या रुळावर एक लांबलचक मालगाडी येऊन उभी राहिली. तिच्याकडे बोट दाखवून आत्याने विचारले, "ही सगळी गाडी एकाच कारखान्यात तयार झाली असेल का?"

"छे! इंजिन एकीकडचे, डबे दुसरीकडचे. डब्यांवर निरनिराळ्या रेल्वेंची अक्षरे आहेत, बघ."

"मग ते एकमेकांना जोडता कसे येतात?"

"सगळ्यांची कपलिंगे सारख्या मापाची असतात."

"तुझा खेळही ह्या गाडीसारखाच आहे," आत्या म्हणाली. "ज्याने खेळ लिहिला, त्याने त्यातले सगळे डबे बनवलेले नाहीत."

आत्याने मुलास जे समजावून दिले, ते आपणही नीट समजून घेऊ.

मोबाइलवरील अ‍ॅप म्हणजे यंत्राने कोणते काम केव्हा व कसे करावे, ह्याविषयी लिहून ठेवलेल्या आज्ञा होत. ह्या सर्व आज्ञा एकच मनुष्य मुळापासून लिहू लागला, तर साधा खेळ पुरा होण्यासही फार काळ लोटेल. पडद्यावर चित्र उमटविणे, आवाज काढणे, खेळाडूचे गुण साठवून ठेवणे ही कामे असंख्य खेळांत सारखीच असतात. म्हणून कोणीतरी त्या कामांच्या आज्ञा एकदाच नीट लिहितो, पारखून घेतो आणि फाइलींत बांधून ठेवतो. इतर लोक त्या फाइली आपल्या अ‍ॅपला जोडतात. अशा तयार आज्ञासंग्रहास 'लायब्ररी' म्हणतात. नाव ग्रंथालयाचेच; परंतु एक भेद आहे. ग्रंथालयातून आणलेले पुस्तक वाचून झाले की परत जाते. ही लायब्ररी मात्र अ‍ॅपमध्येच राहावयास येते आणि अ‍ॅप जेथे जाईल तेथे त्याच्याबरोबर जाते.

डब्यांना जसे ठरावीक मापाचे कपलिंग, तसे लायब्ररीलाही ठरावीक नावांनी हाक मारावी लागते. कोणत्या नावाने हाक मारली असता ती कोणते काम करील, हे तिच्या कर्त्याने लिहून दिलेले असते. तेवढे पाळले, की तिच्या पोटात काय आहे हे न पाहताही ती वापरता येते. अँड्रॉइड फोनांसाठी अशा लायब्ररी बहुधा 'जार' किंवा 'एएआर' ह्या प्रकारच्या फाइलींत मिळतात. खेळ बांधून पुरा करताना कर्त्याच्या आज्ञा आणि जोडलेल्या लायब्ररी ह्यांचे मिळून एकच गाठोडे होते. आपण ते फोनात उतरवून घेतो. पडद्यावर आपल्याला एकच लहानसे चित्र दिसते. फलाटावर उभे राहिले म्हणजे गाडीचे डबे मोजता येतात. ते चित्र पाहून मात्र आतले डबे मोजता येत नाहीत.

आता जाहिरातीचा डबा कशासाठी जोडतात, ते पाहू. फुकट दिलेल्या खेळाच्या कर्त्यासही पोट आहे. त्याने जाहिराती मिळविण्यासाठी साबणवाल्यापासून कापडवाल्यापर्यंत प्रत्येकाचे दार ठोठवावे, हे शक्य नाही. म्हणून तो जाहिरातीची लायब्ररी जोडतो आणि पडद्याचा काही भाग व काही क्षण तिच्या स्वाधीन करतो. पुढील काम ती करते. तीन डाव संपले, की ती दूरच्या एका संगणकास निरोप पाठविते. 'येथे एक जागा रिकामी आहे. फोन अमुक बनावटीचा आहे. त्याची भाषा अमुक आहे,' असा काहीसा तो निरोप असतो. त्यावर तेथे लिलाव होतो. बाजारसमितीत मालाचा लिलाव होतो, तसाच हा. मात्र येथे बोली बोलणारेही संगणकच असतात आणि हा लिलाव डोळ्याचे पाते लवण्याइतक्या अल्पकाळात आटोपतो. ज्याची बोली सरस, त्याची जाहिरात पडद्यावर येते. ती खरोखर दिसली काय, कोणी तिच्यावर बोट ठेवले काय, ह्याचीही नोंद लायब्ररीच ठेवते. मोल पुष्कळदा हजार दर्शनांमागे ठरते, आणि त्यातील वाटा खेळाच्या कर्त्यास मिळतो.

हा उद्योग आपल्यापासून फार दूरचा आहे, असे समजू नये. गुगलची 'अ‍ॅडमॉब' ही ह्या कामाची सर्वपरिचित लायब्ररी होय. ती चालविणारी कंपनी २००६ साली अमेरिकेत निघाली आणि २०१० साली गुगलने ती विकत घेतली. त्याच २००६ साली निघालेल्या 'पबमॅटिक' ह्या कंपनीचे मोठे अभियांत्रिकी केंद्र आपल्या पुण्यात आहे, आणि अ‍ॅपमधील रिकाम्या जागांचा लिलाव करण्यासाठी तिचीही 'ओपनरॅप' नावाची लायब्ररी आहे. दौंडहून रोज सकाळच्या गाडीने पुण्यास जाणाऱ्या मंडळींत ह्या प्रकारचे काम करणारी माणसे असली, तर नवल नाही.

जाहिरात ही स्वभावतः वाईट वस्तू आहे, असे मुळीच नाही. एसटीच्या पाठीवर, फलाटाच्या भिंतीवर, वर्तमानपत्राच्या पानावर ती पूर्वीपासून आहे. जाहिरात असल्यामुळेच वर्तमानपत्र स्वस्त मिळते. तसाच ज्या मुलापाशी पैसा नाही, त्यालाही खेळ खेळावयास मिळतो. परंतु फलाटावरची पाटी आणि मोबाइलमधील जाहिरात ह्यांत एक मोठे अंतर आहे. पाटीकडे आपण पाहतो. पाटी आपल्याकडे पाहत नाही. मोबाइलमधील जाहिरातीमागची लायब्ररी मात्र पाहणाऱ्यासही पाहू शकते.

ती कशी, ते सांगतो. जाहिरातवाल्यांच्या सोयीसाठी फोनास एक खूण दिलेली असते. आकडे व अक्षरे मिळून तिच्यात बत्तीस चिन्हे असतात. तिच्यात आपले नाव नसते. परंतु एकच लायब्ररी पुष्कळ अ‍ॅपांत जोडलेली असते, हे विसरू नये. सकाळी क्रिकेटच्या खेळात ती खूण दिसली, दुपारी अभ्यासाच्या अ‍ॅपमध्ये दिसली, रात्री गोष्टींच्या अ‍ॅपमध्ये दिसली, की तीन ठिकाणच्या नोंदी एका धाग्यात ओवता येतात. हा फोन वापरणारे कोणी मूल आहे, त्याला क्रिकेट आवडते, ते रात्री नऊपर्यंत जागे असते, एवढे नाव न विचारताच कळते.

ह्याहून महत्त्वाची गोष्ट परवानगीची. प्रत्येक अँड्रॉइड अ‍ॅपबरोबर परवानग्यांची एक यादी असते. कॅमेरा हवा, ध्वनी ऐकावयास हवा, स्थान हवे, असे त्या यादीत मांडलेले असते. जोडलेल्या लायब्ररीचीही स्वतःची यादी असू शकते. आणि गाठोडे बांधताना दोन्ही याद्या एकत्र होऊन एकच यादी तयार होते. अ‍ॅपला दिलेली परवानगी बहुधा त्यातल्या लायब्ररीलाही आपोआप लाभते. इंजिनाला हिरवा दिवा दाखविला, की गाडीचे सर्व डबे स्टेशनात शिरतात. प्रत्येक डब्यासाठी वेगळा सिग्नल नसतो. आपण परवानगी खेळाला दिली असे आपल्याला वाटते. वस्तुतः ती संपूर्ण गाडीला दिलेली असते.

ही केवळ कल्पनेतील भीती नव्हे. 'इनमोबी' ह्या भारतीय कंपनीची हकीकत ह्या दृष्टीने जाणून घेण्याजोगी आहे. ही कंपनी २००७ साली मुंबईत 'एमखोज' ह्या नावाने निघाली आणि पुढे बंगळुरूस गेली. तिची जाहिरातीची लायब्ररी जगभरच्या हजारो अ‍ॅपांना जोडलेली होती. २०१६ च्या जून महिन्यात अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशन ह्या सरकारी संस्थेने तिच्यावर दोन आरोप ठेवले. पहिला असा, की ज्यांनी स्थान सांगण्यास नकार दिला होता, त्यांचेही स्थान ही लायब्ररी शोधून काढीत होती. दुसरा असा, की मुलांसाठी असलेल्या अ‍ॅपांतही आईवडिलांना न विचारता तिने माहिती गोळा केली. तेरा वर्षांखालील मुलांच्या बाबतीत असे करण्यास अमेरिकेचा १९९८ सालचा कायदा मनाई करतो. कंपनीने तडजोड केली. तिला साडेनऊ लाख डॉलर दंड भरावा लागला, मुलांविषयी गोळा केलेली माहिती पुसून टाकावी लागली, आणि वीस वर्षेपर्यंत दर दोन वर्षांनी आपल्या कारभाराची त्रयस्थाकडून तपासणी करून घेण्याचे बंधन तिच्यावर आले.

परवानगी नसताना स्थान कसे कळले, असे तुम्ही विचाराल. समजा, डोळ्यांवर पट्टी बांधलेला एक प्रवासी डब्यात बसला आहे. त्याला स्टेशनचे नाव कोणी सांगितले नाही. परंतु कोणत्या स्टेशनावर कोणता फेरीवाला कशी आरोळी देतो, ह्याची यादी त्याच्यापाशी आहे. आरोळी कानी पडताच तो म्हणेल, 'हे दौंड!' घराघरांत व दुकानांत इंटरनेटसाठी वायफायची जी पेटी असते, तीही आपली खूण सतत अशीच पुकारीत असते. कोणती पेटी कोठे आहे, ह्याची यादी ज्याच्यापाशी आहे, त्याला फोनाच्या आसपास कोणत्या खुणा ऐकू येतात एवढे कळले तरी पुरे. फोन कोठे आहे, हे त्यास वेगळे विचारावे लागत नाही.

अशा गोष्टींस आळा घालावयास आपल्या देशातही आता आधार आहे. २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खाजगीपण हा प्रत्येकाचा मूलभूत हक्क आहे, असा एकमुखी निर्णय दिला. पुढे संसदेने डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा केला. त्यास ११ ऑगस्ट २०२३ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली. ह्या कायद्याने अठरा वर्षे पूर्ण न झालेल्या प्रत्येक व्यक्तीस मूल मानले आहे. मुलांची माहिती घेण्यापूर्वी पालकांची संमती घ्यावी, मुलांच्या मागावर राहू नये, आणि त्यांच्यावर नेम धरून जाहिराती दाखवू नयेत, असे त्यात काही अपवाद सोडून सांगितले आहे. नियम २०२५ च्या नोव्हेंबरात प्रसिद्ध झाले असून कायदा टप्प्याटप्प्याने अमलात आणावयाचा आहे.

परंतु कायदा दाराशी उभा राहिला, तरी कडी आतून माणसानेच लावावयाची असते. पहिली जबाबदारी खेळाच्या कर्त्याची. प्रसिद्ध जाहिरात-लायब्ररींत 'हा खेळ मुलांसाठी आहे' असे सांगण्याची सोय ठेवलेली असते. कर्त्याने तेवढी एक ओळ लिहिली, की लायब्ररीने मुलाचा माग काढून जाहिरात निवडावयाची नसते. ती ओळ लिहिली तर जाहिरातीचे मोल कमी येण्याचा संभव असतो. म्हणजे येथे एका बाजूस थोडा पैसा आणि दुसऱ्या बाजूस एका अनोळखी मुलाचा विश्वास असतो. त्या मुलास ही ओळ कधी दिसणार नाही, आणि ती गाळली तरी ते तक्रार करावयास येणार नाही. अशा वेळी मनुष्य काय लिहितो, ह्यावरून त्याची पारख होते. तुमच्यापैकी काहीजण पुढे अ‍ॅप लिहितील. त्यांनी हे ध्यानात ठेवावे.

दुसरी जबाबदारी आपली स्वतःची. परवानगीची चौकट आली, की 'ह्या कामाला हे खरोखर लागते काय?' असा प्रश्न स्वतःस विचारावा. नकाशा दाखविणाऱ्या अ‍ॅपने स्थान मागितले तर ते रास्त आहे; चेंडूच्या खेळाने मागितले तर ते रास्त नव्हे. शंका आल्यास नकार द्यावा आणि घरातील वडील माणसांस दाखवावे. अँड्रॉइड फोनाच्या सेटिंगमध्ये जाहिरातीची ती बत्तीस चिन्हांची खूण पुसून टाकण्याची सोय असते. आयफोनमध्ये २०२१ सालापासून, इतर अ‍ॅपांतून आपला माग काढू द्यावा काय, हे अ‍ॅपला आधी विचारावे लागते. फोन आईवडिलांचा असेल, तर ह्या गोष्टी त्यांच्याजवळ बसूनच कराव्या. 'ही जाहिरात पाहा आणि बक्षीस मिळवा' असे आमिष दिसले, तर बक्षीस खेळातले असते, पण दिलेला वेळ आपल्या दिवसातला असतो, हेही विसरू नये.

दौंडच्या फलाटावरील त्या मुलाने शेवटी 'नको' ह्या शब्दावर बोट ठेवले. आता खेळ बंद पडेल, अशी त्याला धाकधूक वाटत होती. परंतु चौकट मिटली, टोपली पुन्हा दिसू लागली आणि चेंडू पूर्वीसारखाच उडू लागला.

"आत्या, खेळ चालूच आहे की!" तो म्हणाला.

"चालणारच," आत्या म्हणाली. "त्याला ते लागतच नव्हते."

तेवढ्यात पुण्याची गाडी फलाटात शिरली. वडील तिकीट घेऊन लगबगीने आले. आत्या डब्यात चढली. गाडी हलली, तेव्हा मुलाने हात हलविला. मग फोन खिशात ठेवून तो सरकत जाणारे डबे एक एक करून मोजीत उभा राहिला.


शब्दार्थ

आज्ञावली – संगणकाने करावयाच्या कामांच्या क्रमवार लेखी आज्ञा
अवकाश – मधला वेळ
तद्वत्, तसाच – त्याप्रमाणे
कपलिंग – दोन डबे एकमेकांस जोडण्याचे साधन
स्वाधीन करणे – ताब्यात देणे
वस्तुतः – खरे पाहता
त्रयस्थ – दोन्ही पक्षांशी संबंध नसलेला
एकमुखी – सर्वांचे एकच मत असलेला
रास्त – योग्य, न्याय्य
आमिष – लालूच

अभ्यास

१. दौंड येथून रेल्वेचे कोणकोणते मार्ग निघतात?

२. 'खेळाला ते नको असेल. खेळाला जे जोडले आहे, त्याला हवे असेल.' हे वाक्य कोण, कोणास व केव्हा म्हणाले? त्याचा अर्थ आपल्या शब्दांत सांगा.

३. ग्रंथालयातील पुस्तक आणि अ‍ॅपमधील लायब्ररी ह्यांत लेखकाने कोणता भेद सांगितला आहे?

४. कारणे द्या :
(अ) खेळाचे कर्ते जाहिरातीची लायब्ररी जोडतात.
(आ) अ‍ॅपला दिलेली परवानगी लायब्ररीलाही लाभते.
(इ) नाव ठाऊक नसतानाही फोन वापरणाऱ्याच्या सवयी कळू शकतात.

५. डोळ्यांवर पट्टी बांधलेल्या प्रवाशाचे उदाहरण लेखकाने कशासाठी दिले आहे?

६. 'कायदा दाराशी उभा राहिला, तरी कडी आतून माणसानेच लावावयाची असते.' ह्या वाक्याचे स्पष्टीकरण करा.

७. पुढील वाक्प्रचारांचा अर्थ सांगून वाक्यांत उपयोग करा : दार ठोठावणे, धाकधूक वाटणे, आळा घालणे, मागावर राहणे.

८. पुढील शब्दांचे समास सोडवा : आईवडील, मूलभूत, आज्ञासंग्रह.

९. घरातील वडील माणसांजवळ बसून त्यांच्या फोनातील कोणत्याही तीन अ‍ॅपांना कोणत्या परवानग्या दिल्या आहेत ते पाहा. त्यांपैकी कोणत्या आवश्यक व कोणत्या अनावश्यक वाटतात, हे कारणांसह दहा ओळींत लिहा.